देकार्त चुकला म्हणतात, मग माझं नसलेलं बोट का दुखतंय?

उद्यमबागचा सेटर

नमस्कार मंडळी. मी बेळगावातल्या अनगोळचा. उद्यमबागेत एका वर्कशॉपमध्ये व्हीएमसी सेटर आहे, म्हणजे कॉम्प्युटरवर चालणाऱ्या कटिंग मशीनवर जॉब बसवून मापं लावतो. वय 43. दिवसा जॉब लावतो आणि रात्री पत्रव्यवहारानं तत्त्वज्ञानात एम.ए. करतोय. कशाला, असं सगळेच विचारतात. पगार वाढणार नाही एवढं मलाही ठाऊक आहे.

पुढच्या महिन्यात पाश्चात्त्य तत्त्वज्ञानाचा पेपर आहे. त्यात एक प्रश्न येणारच म्हणतात: देकार्त, स्पिनोझा, लायबनिट्स या सतराव्या शतकातल्या बुद्धिवाद्यांचा पुढच्या विचारावर काय परिणाम झाला. नोट्स इंग्रजीत आहेत आणि उत्तर शिजवूनच दिलंय. हे तिघं म्हणायचे की पक्कं ज्ञान डोळ्या-कानांतून नाही, बुद्धीतून येतं. मग लॉक आणि ह्यूम आले, ज्ञान अनुभवातूनच येतं म्हणणारे, त्यांनी हे खोडलं. मग 1781 मध्ये कांटनं दोघांचं भांडण मिटवलं. संपलं. देकार्तच्या वाट्याला एकच परिच्छेद: त्यानं मन आणि शरीर तोडून वेगळं केलं, ही घोडचूक, 1949 मध्ये गिल्बर्ट राइल या इंग्रज तत्त्वज्ञानं त्याला 'यंत्रातलं भूत' म्हणून चिडवलं.

आता माझं सांगतो. 22 वर्षांचा असताना पॉवर प्रेसवर डाव्या हाताची करंगळी आणि तिच्या शेजारचं बोट गेलं, मधल्या पेरापासून पुढं. 21 वर्षं झाली. तरी पावसाळ्यात रात्रपाळीला त्या नसलेल्या शेंड्याची अशी आग होते की हात झटकावा वाटतो. कधी वाटतं बोट मुडपून तळव्यात रुतलंय आणि सरळच होत नाही. सुरुवातीला एका डॉक्टरना सांगितलो. ते हसून म्हणाले, "बोटच नाही तर दुखेल कसं? मनातलं आहे ते. मन दुसरीकडं गुंतवा." त्यानंतर मी कुणाला बोललो नाही. लग्नानंतर बायकोलाही दोन वर्षांनी कळलं.

गेल्या महिन्यात नोट्स बाजूला ठेवून देकार्तचं 'मेडिटेशन्स' वाचायला घेतलो, 1641 चं. सहाव्या प्रकरणात तो लिहितो की ज्यांचा हात-पाय कापलाय अशा लोकांकडून त्यानं ऐकलंय, त्यांना नसलेल्या जागी दुखतं. मी पुस्तक खाली ठेवलो. चहा करून पिलो. परत घेतलो. पुढं दोरीचं उदाहरण आहे. ताणलेली दोरी, तिच्यावर ए, बी, सी, डी अशा खुणा. डी टोक ओढा नाहीतर मधेच बी किंवा सी धरून ओढा, ए टोकाला हिसका तोच बसणार. पायापासून मेंदूपर्यंतची नस अशीच, म्हणतो. मधे कुठंही ओढली गेली तरी वर निरोप एकच जाणार: पाय दुखतोय.

आणि 1644 च्या 'प्रिन्सिपल्स'मध्ये एका मुलीची हकिकत आहे. हात सडत चाललेला. शस्त्रवैद्य आला की तिचे डोळे बांधायचे. कोपरापर्यंत हात कापला आणि जागी कापडाच्या पट्ट्या गुंडाळून ठेवल्या, तिला कळू नये म्हणून. ती आपली सांगत राहिली, आता हे बोट दुखतंय, आता ते दुखतंय. हे वाचून मी रात्री अडीच वाजता बायकोला उठवून वाचून दाखवलो. ती म्हणाली, "बरं. आता झोपा."

तर माझा प्रश्न असा. 'मनातलं आहे' म्हणून मला हाकलणारा आजचा डॉक्टर, आणि मन-शरीर तोडल्याचा आळ मात्र त्या माणसावर, ज्यानं माझ्यासारख्याचं दुखणं खोटं आहे असं एकदाही म्हटलं नाही! उलट तो म्हणतो की नावाडी नावेत बसतो तसा मी शरीरात बसलेलो नाही. तसं असतं तर जखम झाल्यावर मला दुखलं नसतं, नावाडी नावेला पडलेलं भोक बघतो तसं मी ते नुसतं बघितलो असतो. मग नोट्समधला देकार्त कोण आणि पुस्तकातला कोण?

दुसरं. मशीनचा झिरो, म्हणजे मापं जिथून धरायची तो बिंदू, कारखान्यात ठरलेला असतो, पण नवा जॉब लागला की तो चालत नाही. एज फाइंडर टेकवून जॉबच्या कडेवर स्वतःचा झिरो घ्यायचा, मशीनच्या जी54 या नोंदीत भरायचा, पुढची सगळी मापं तिथून. देकार्तचा संशय, म्हणजे शंका घेता येईल ते सगळं बाजूला सारणं, मला असाच वाटला. आधीचे सगळे झिरो पुसायचे आणि एकच पक्की कड शोधायची. (अक्षांना 'कार्टेशियन' म्हणतात ते देकार्तवरून, हे मला चाळिशीत कळलं. वीस वर्षं रोज एक्स-वाय-झेड टाइप करतोय.) हे जर चुकीचं ठरून संपलं असेल तर आमच्या शॉपमध्ये अजून काय चालू आहे? जाणकारांनी सांगा की.

खानापूरच्या बाई

भाऊ, आधी गणिताचं निस्तरते, कारण ते मी 31 वर्षं शिकवलं. 1637 च्या त्याच्या भूमितीच्या पुस्तकात तुमच्या पडद्यावर दिसतात तसे काटकोनातले दोन अक्ष आखलेले सापडणार नाहीत. तो एक रेषा संदर्भाला घेई, दुसरी सोयीच्या कोनात, आणि ऋण बाजूला फारसा फिरकत नसे. फर्मा नावाच्या वकिलानंही त्याच सुमारास स्वतंत्रपणे तेच काढलं होतं. नीटनेटकी जाळी मागून आलेल्यांनी बांधली. मात्र अज्ञात राशींना एक्स, वाय, झेड आणि ज्ञात राशींना ए, बी, सी म्हणायची रीत त्याचीच. घन दाखवायला डोक्यावर छोटा 3 लिहायचा तोही त्यानंच रुळवला. खानापूर तालुक्यातल्या कितीतरी मुलांनी या माणसाला नकळत शिव्या घातल्या आहेत.

झिरोची उपमा मला आवडली. तो स्वतः आर्किमिडीजचं नाव घेतो: पृथ्वी हलवायला त्याला एकच स्थिर बिंदू हवा होता, मलाही एकच खात्रीची गोष्ट पुरे. पण तुमची कड जॉबवर असते, भाऊ. त्याची कड 'मी' या शब्दावर आहे: 'मी विचार करतो, म्हणून मी आहे.' गंमत तिथंच सुरू होते.

तुम्ही 'सांगितलो', 'घेतलो', 'पिलो' असं लिहिता. शाळेत मी याला आयुष्यभर तांबडी रेघ मारत आले. आता वाटतं, थोडं थांबायला हवं होतं. पुण्याचा माणूस म्हणतो 'मी विचार केला'. तिथं क्रियापद विचाराशी जुळतं, करणारा बाजूला उभा. बेळगावचा म्हणतो 'मी विचार केलो'. इथं क्रियापद सरळ 'मी'ला जाऊन चिकटतं. देकार्तला मराठी येत असती तर तो आपल्या बाजूचा निघाला असता. आणि त्याला जो खरा बोचरा आक्षेप आला तो पुण्याच्या व्याकरणासारखा आहे. गॉटिंगेनचा लिश्टेनबेर्ग, अठराव्या शतकातला पदार्थविज्ञानाचा प्राध्यापक, त्यानं टिपून ठेवलं की 'मी विचार करतो' म्हणणं जरा जास्तच झालं. जर्मनमध्ये वीज चमकल्याचं बिनकर्त्याच्या क्रियापदानं सांगतात, तसंच 'विचार होतोय' एवढंच म्हणावं. आपल्याला हे समजायला जर्मनीला जायची गरज नाही. उजाडलं, उकडतंय, मळमळतंय. शाळेच्या व्याकरणात भावकर्तृक क्रियापदं म्हणून शिकलो आपण. 'मला वाटतं' हेही त्याच घरातलं. कानडीतही 'ननगे अनिसुत्तदे', म्हणजे मला वाटतं. दोन्ही भाषांत वाटणं माझ्याकडं येतं, मी ते करत नाही. सीमेच्या अलीकडं-पलीकडं एवढं एकमत दुसऱ्या कशावर आहे?

आता तुमचा मुख्य प्रश्न. नोट्समधला देकार्त आणि पुस्तकातला देकार्त यांच्यामध्ये एक बाई उभी आहे आणि तुमच्या नोट्समध्ये तिचं नाव नसणार. बोहेमियाची राजकन्या एलिझाबेथ. घराण्याचं राज्य गेलेलं, हॉलंडमध्ये आश्रयाला. मे 1643 मध्ये, वय 24, तिनं देकार्तला पत्र लिहिलं: मनाला जर लांबी-रुंदी काहीच नाही, तर ते शरीराला ढकलतं कुठून? ढकलायला स्पर्श लागतो. याला त्याच्याकडं धड उत्तर नव्हतं. पहिल्या पत्रात तो वजनाचा दाखला देतो: तेही वस्तूला न ढकलता खाली नेतं. दुसऱ्यात जवळजवळ कबूल करतो की मन आणि शरीर एक असल्याचं विचार करून कळत नाही, रोजच्या जगण्यात, बोलण्याचालण्यात कळतं. आणि म्हणतो की निव्वळ बुद्धीच्या चिंतनाला आपण स्वतः वर्षातले काही तासच देतो! एलिझाबेथनं त्याआधीच लिहिलं होतं की घराण्याची कामं आणि लोकांची सरबराई यातून तिला चिंतनाला वेळ मिळत नाही. लांबी-रुंदी नसलेला आत्मा शरीराला हलवतो असं मानण्यापेक्षा त्याला लांबी-रुंदी देणं आपल्याला सोपं वाटतं, हेही तिनं तिथंच ठणकावलं. तुमचे राइलसाहेब तीनशे वर्षांनी जे बोलले त्याचं मूळ या पत्रांत आहे. पुढं 1649 मध्ये त्यानं भावनांवर पुस्तक लिहिलं ते बऱ्याच अंशी तिच्या प्रश्नांमुळं.

आणखी एक, कारण हे कुणी सांगत नाही. मन शरीरापासून वेगळं काढलं म्हणून आपण त्याला नावं ठेवतो. पण 1673 मध्ये पूलँ द ला बार नावाच्या फ्रेंच माणसानं तेच सूत्र घेऊन लिहिलं की मग मनाला स्त्री-पुरुष नसतो, आणि बायकांना विद्यापीठात, न्यायासनावर, सगळीकडं जागा द्या. ज्या फाळणीनं तुम्हाला डॉक्टरच्या दारातून परत पाठवलं तिनंच एका खिडकीतून आमच्यासाठी उजेड पाडला. मला या माणसाला सरसकट चूक म्हणवत नाही.

निपाणीचा पोरगा, मुक्काम बेंगळूर

सेटरदादा, एक नंबर लिहिलंय. मी सॉफ्टवेअरमधला, त्यामुळं लायबनिट्सचं बोलतो.

आमच्या ऑफिसात दर दिवाळीला कुणीतरी पाठवतं: 'लायबनिट्सनं बायनरी शोधली म्हणून आज कॉम्प्युटर आहे.' अर्धवट आहे हे. त्यानं 0 आणि 1 च्या गणितावर लेख छापला 1703 मध्ये, खरं. 1673 मध्ये लंडनच्या रॉयल सोसायटीत बेरीज-वजाबाकी-गुणाकार-भागाकार करणारं यंत्र दाखवलं, तेही खरं. पण त्या यंत्रात दशमानच होतं, दात्यांचा ढोल फिरायचा. बायनरी आणि यंत्र यांची सोयरीक लागली दोनशेहून जास्त वर्षांनी, तर्काचं बीजगणित मांडणारा बूल आणि ते विजेच्या स्विचना लावणारा शॅनन यांच्यामुळं. सरळ रेघ ओढू नका, परीक्षक मार्क कापेल.

त्याचं खरं वेड वेगळंच होतं. सगळ्या कल्पनांना चिन्हं द्यायची आणि नियम ठरवायचे. मग दोन पंडितांचं भांडण झालं की वाद घालायचा नाही. पाटी-पेन्सिल घेऊन बसायचं आणि म्हणायचं, 'चला, हिशोब करू.' लॅटिनमध्ये 'काल्कुलेमुस'. 1879 मध्ये फ्रेगे या जर्मन गणितज्ञानं तर्काची नवी चिन्हलिपी काढली तेव्हा लायबनिट्सचं हेच स्वप्न त्याच्या डोळ्यासमोर होतं. तिथून पुढं आमची पोटं चालतात.

(बाई, त्याला आपला सीमाप्रश्न द्यायला हवा होता. 1956 ला पुनर्रचना, 1967 ला महाजन अहवाल, 2004 पासून सुप्रीम कोर्टात दावा. चला, हिशोब करू म्हणावं. पेन्सिल झिजेल.)

आणि 'त्यांनी खोडलं म्हणून संपलं' याबद्दल. लायबनिट्सनं 1710 मध्ये मोठा ग्रंथ लिहिला की देवाच्या हाती जितकी जगं शक्य होती त्यातलं हेच उत्तम. 1755 मध्ये लिस्बनला भूकंप झाला, हजारोंनी माणसं मेली, आणि 1759 मध्ये फ्रेंच लेखक व्होल्तेरनं 'काँदीद' ही कादंबरी लिहून या विधानाचा पार कचरा केला. आज शंभरातल्या नव्व्याण्णव वाचकांना लायबनिट्सचं ते मत व्होल्तेरमुळंच ठाऊक असेल. हा आकडा माझ्या मनाचा, पेपरात लिहू नका.

कांटकडं तो पोचला त्याची वाट तर अगदी आपल्या ओळखीची. गाईड! क्रिस्टियान वोल्फ नावाच्या प्राध्यापकानं लायबनिट्सचे विचार क्रमवार बसवून जर्मनीभर पाठ्यपुस्तकं चालवली. याच वोल्फनं 1721 मध्ये भाषण केलं की चिनी लोकांना आपला देव ठाऊक नसताना त्यांची नीती उत्तम आहे. 1723 मध्ये राजाचा हुकूम आला: 48 तासांत प्रशिया सोड, नाहीतर फाशी. कांट त्याच परंपरेतल्या बाउमगार्टेनचं पुस्तक वर्गात वापरून शिकवायचा. ह्यूमनं आपल्याला झोपेतून जागं केलं असं तो म्हणाला, ती झोप या गाईडांवरची.

एक शंका माझीही. आगरकरांना आपण बुद्धिवादी म्हणतो. मग ते या तिघांच्याच गोत्रातले काय?

खानापूरच्या बाई

नाही रे. शब्दानं फसवलं तुला. आगरकर (1856–1895) मिल आणि स्पेन्सर हे इंग्रज विचारवंत वाचून तयार झाले. मिल तर अनुभववादी, म्हणजे लॉक-ह्यूमच्या घरचा. 1888 मध्ये 'सुधारक' काढून त्यांनी रूढीला बुद्धीची कसोटी लावली, ते बुद्धिप्रामाण्य. देकार्त-लायबनिट्सचा झगडा रूढीशी नव्हे, ज्ञान येतं कुठून याच्याशी. आणि हे दोघं देवाला सोडायला तयार नव्हते, उलट सिद्ध करत बसले. मराठीत दोन्हीला 'बुद्धिवाद' म्हणून आपण घोळ घातलाय. सेटर, हे उत्तराच्या पहिल्या दोन ओळींत स्पष्ट करा.

वडगावचे अण्णा

सगळ्यांचं वाचलं. दोन नावं झाली, तिसऱ्याला कुणी हात लावला नाही. तो मधला, स्पिनोझा, माझा.

आमचं घर वडगावातलं, मागावरचं. वडील शहापुरी साड्या विणायचे, मीही बारा वर्षं विणल्या, मग नोकरी धरली. निवृत्तीनंतर हिंदवाडीत गुरुदेव रानडे मंदिरात जाऊन वाचत बसायची सवय लागली. स्पिनोझाचं 'एथिक्स' तिथंच पहिल्यांदा हातात आलं. व्याख्या, गृहीतकं, सिद्धान्त, सिद्धता, अगदी युक्लिडच्या भूमितीसारखं. पहिली तीन वर्षं काही कळलं नाही.

कळलं ते साडीवरून. साडीला सुलटी बाजू असते आणि उलटी. सुलट्या बाजूला मोर दिसतो, उलट्या बाजूला त्याच मोराचे धागे आडवेतिडवे पळताना दिसतात. आता सांगा, सुलटी बाजू उलटीला ढकलते काय? उलटी सुलटीला ओढते काय? वस्त्र एकच. जिथं धागा वर येतो तिथंच तो खालून जातो, म्हणून दोन्हींकडं क्रम तोच. दुसऱ्या भागातल्या सातव्या सिद्धान्तात तो हेच म्हणतो, कल्पनांचा क्रम आणि वस्तूंचा क्रम एकच. मन आणि शरीर ही दोन वस्त्रं नाहीत. राजकन्येचा प्रश्न त्यानं सोडवला नाही, तो उद्भवतो ती जागाच ठेवली नाही.

म्हणून सेटर, तुमच्या डॉक्टरचं 'मनातलं आहे' हे वाक्य स्पिनोझापुढं टिकत नाही. मनात आहे म्हणजे शरीरातही आहे, फक्त उलट्या बाजूनं बघायचं.

हा माणूस ॲमस्टरडॅमच्या पोर्तुगीज ज्यू कुटुंबातला. घरी पोर्तुगीज, रस्त्यावर डच, धर्मशिक्षण हिब्रूत, ग्रंथ लॅटिनमध्ये. आपल्याकडं घरी मराठी, बाजारात कानडी, अर्ज इंग्रजीत, त्यामुळं मला तो परका वाटला नाही. 27 जुलै 1656 ला, वय 23, त्याला समाजानं वाळीत टाकलं. हुकमात लिहिलं होतं की कुणी त्याच्याशी बोलू नये, एका छपराखाली राहू नये, त्यानं लिहिलेलं वाचू नये आणि त्याच्यापासून चार हातांच्या आत येऊ नये. चार हात! आमच्या भागात वाळीत टाकलेल्या घरांच्या गोष्टी आजीकडून ऐकल्यात, पण माप लावून टाकलेलं हे पहिलंच.

पुढं तो भिंगं घासून जगला. 1670 मध्ये नाव न घालता आणि छापल्याचं गाव खोटं घालून पुस्तक काढलं: बायबल हे माणसांनी लिहिलेलं पुस्तक आहे, तसंच वाचावं, आणि माणसाला विचार करायची आणि बोलायची मोकळीक दिल्यानं राज्य बुडत नाही, न दिल्यानं बुडतं. चार वर्षांत बंदी आली. 1673 मध्ये हायडेलबर्गची प्राध्यापकी चालून आली, ती नाकारली. 1676 मध्ये लायबनिट्स हेगला त्याला भेटून गेला, आणि पुढं आयुष्यभर ती ओळख जमेल तितकी लपवत राहिला. 1677 मध्ये 44 व्या वर्षी स्पिनोझा गेला. 'एथिक्स' त्याच वर्षी, त्याच्या मागं, मित्रांनी छापलं. मग शंभर वर्षं 'स्पिनोझावादी' ही शिवी होती, नास्तिक अशा अर्थानं. 1785 मध्ये जर्मनीत याकोबी या विचारवंतानं जाहीर केलं की थोर नाटककार लेसिंग मरण्याआधी स्पिनोझावादी होता. हेतू बदनामी करण्याचा. झालं भलतंच, सगळी तरुण पिढी स्पिनोझा वाचायला लागली. 1929 मध्ये एका धर्मगुरूनं आइनस्टाइनला तारेनं विचारलं, देव मानता काय? उत्तर गेलं, स्पिनोझाचा देव मानतो, म्हणजे सृष्टीच्या सुसंगत व्यवस्थेत दिसणारा.

तुकोबांचं 'सत्य असत्याशी मन केले ग्वाही, मानियेले नाही बहुमता' हे मला या सगळ्यात सारखं आठवतं. देकार्त आणि तुकोबा दोघंही 1650 मध्ये गेले, महिनाभराच्या अंतरानं.

खानापूरच्या बाई

अण्णा, तुकोबांचं मन ग्वाही देतं ते विठ्ठलाच्या भरवशावर. देकार्त आधी मनाच्याच साक्षीवर संशय घेतो, एखादा कपटी राक्षस आपल्याला फसवत असेल तर, म्हणून. दोघांना एका पंक्तीला बसवा, पण एका ताटात वाढू नका.

वडगावचे अण्णा

मान्य, बाई. पंक्तीलाच बसवतो.

चिकोडी फिजिओ

तत्त्वज्ञानातलं मला कळत नाही, पण बोटाचं कळतं, म्हणून लिहिते. सेटर सर, तुम्हाला जे होतं त्याला फॅंटम पेन म्हणतात. 'फॅंटम लिंब' हे नाव 1871 मध्ये वीअर मिचेल या अमेरिकन डॉक्टरनं दिलं, यादवी युद्धातल्या हात-पाय गेलेल्या सैनिकांना बघून. हे खूळ नाही. वेळेवर कुणी सांगितलं नाही याचं वाईट वाटतं.

दोरीचं उदाहरण निम्मं बरोबर आहे. कापलेल्या नसेच्या टोकाला कधी गाठ होते आणि ती आपोआप निरोप पाठवत राहते, मधूनच दोरी ओढल्यासारखं. पण काही जणांची ती नस बधिर केली तरी दुखणं राहतं. म्हणजे वरच्या टोकाला, मेंदूत, बोटाचा नकाशा अजून शिल्लक असतो आणि तो बदलतही असतो. 1990 च्या दशकात व्ही. एस. रामचंद्रन यांनी साधा आरसा वापरला. आरसा दोन हातांच्या मधे उभा धरायचा, धड हात आरशात बघायचा, म्हणजे गेलेल्या हाताच्या जागी अख्खा हात दिसतो. मग धड हाताची मूठ सावकाश उघडायची-मिटायची. सगळ्यांना गुण येतो असं नाही. तुमचं 'बोट मुडपून रुतलंय' हे वाचून वाटलं, करून बघायला हरकत नाही. रोज दहा-पंधरा मिनिटं. आणि दुखण्यावर उपचार करणाऱ्या डॉक्टरना एकदा दाखवा. आता औषधंही आहेत.

नुसता वाचक, शहापूर

15 मार्कांच्या प्रश्नाला एवढं? दीड पान लिहा ओ आणि झोपा.

उद्यमबागचा सेटर

शहापूरवाले, बायको पण हेच म्हणते.

सगळ्यांना एकदम उत्तर देतो, उद्या पहिली पाळी आहे.

फिजिओताई, कपाटाच्या दाराचा आरसा काढलो. जेवणाच्या टेबलावर वहीच्या गठ्ठ्याला टेकवून उभा केलो, डावा हात मागं, उजवा पुढं. आरशात बघितलो तर डाव्या हाताला पाचही बोटं. 21 वर्षांनी. मी बराच वेळ काही हलवलोच नाही, नुसता बघत बसलो. मूठ उघडायचं दुसऱ्या दिवशी केलो. आज पाचवा दिवस. आग आहे तशीच आहे. पण रुतलेलं बोट काल रात्री थोडं सैल झाल्यासारखं वाटलं. 'वाटलं' म्हणतोय, बाई, व्याकरण बघा.

उत्तराचा कच्चा आराखडा असा केलोय, चुकलं तर सांगा. नोट्स म्हणतात हे तिघं खोडले गेले आणि संपले. तुम्ही सगळ्यांनी जे सांगितला त्यात मला उलटं दिसतंय. देकार्तला एलिझाबेथनं अडवलं, म्हणून मन-शरीराचा प्रश्न आजपर्यंत जिवंत आहे. लायबनिट्स व्होल्तेरच्या चेष्टेतून घरोघरी पोचला. स्पिनोझाला याकोबी बदनाम करायला गेला आणि जाहिरात करून बसला. म्हणजे प्रभाव शिष्यांमुळं कमी पडला, भांडणाऱ्यांमुळं जास्त. यावर एक पान. वोल्फ आणि त्याची गाईडं अर्धं पान, कारण ते मला फार आवडलं.

कांटचं मी शॉपमधूनच लिहिणार. आमच्याकडं व्हर्नियर (माप घ्यायचं हत्यार) घेतला की आधी जबडे बंद करून बघतात. बंद असताना 0.02 दाखवत असेल तर ते 0.02 जॉबचं नाही, व्हर्नियरचं. देकार्त जॉबवर झिरो घेत होता, कांटनं आधी व्हर्नियर बंद करून बघितला: मोजणाऱ्या बुद्धीचा स्वतःचा वाटा किती? फरक एवढाच की आम्ही तो एरर वजा करून मोकळे होतो. कांट म्हणतो हा वजा करता येणार नाही, कारण तपासायला दुसरा व्हर्नियरच नाही. मोजायचं थांबवायचं मात्र कुणीच म्हटलं नाही. हे परीक्षकाला पटेल काय ठाऊक नाही. सुपरवायझरला सांगितलो तर तो म्हणाला, कांट आपल्यात असता तर इन्स्पेक्शनला घेतलो असतो.

दोरी आणि त्या मुलीचं लिहू की नको? प्रश्न 'प्रभाव' विचारतो, माझं बोट विचारत नाही. पण खरं सांगायचं तर हे तिघं माझ्यापर्यंत त्याच बोटातून आले.

अण्णा, रविवारी हिंदवाडीला येतो, सकाळी दहाला. शक्य असेल तर एक जुनी साडी घेऊन या, मोराची. उलटी बाजू बघायची आहे.

वडगावचे अण्णा

वडिलांनी विणलेली एक आहे, आईची. आणतो. हात धुऊन या, ग्रीस लागेल.